मराठीतून हिब्रूकडे

मुळा नदी पूर्वेला, पुण्याकडे वाहते. मुळशीच्या धरणात अडवलेलं तिचं पाणी मात्र १९२७ पासून उलट दिशेला जातं. सह्याद्रीचा कडा उतरून ते रायगड जिल्ह्यात भिऱ्याच्या वीजघरात पडतं, तिथली जनित्रं फिरवतं आणि कुंडलिका नदीत मिसळतं. कुंडलिका त्याला कोलाड, रोहा, अष्टमी असं फिरवत रेवदंड्याला समुद्रात सोडते. याच धरणाविरुद्ध १९२१ पासून सेनापती बापटांबरोबर सत्याग्रह करणाऱ्या मुळशी खोऱ्याला आपलं पाणी कोकणात जातं हे चांगलंच ठाऊक आहे. पण त्या पाण्याच्या खालच्या वाटेवर, रोह्यापासून रेवदंड्यापर्यंत, पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलणारी ज्यू माणसं राहत होती आणि त्यांच्या मराठीत हिब्रूचे काही शब्द जपलेले होते, हे तितकंसं ठाऊक नाही.

ताम्हिणी घाट उतरून कोकणात गेलं की त्यांची आडनावं गावांच्या पाट्यांवरच वाचता येतात. रोह्याचे रोहेकर, अष्टमीचे अष्टमकर, चौलचे चेऊलकर, नवगावचे नवगावकर, किहीमचे केहिमकर, पेणचे पेणकर, दिवेआगरचे दिवेकर, राजपुरीचे राजपुरकर. हा समाज स्वतःला बेने इस्राएल म्हणवतो. हिब्रूत 'बेन' म्हणजे मुलगा, आणि 'बेने इस्राएल' म्हणजे इस्राएलची मुलं. या प्रकरणातला पहिला हिब्रू शब्द आपण शिकलो तो असा, एका मराठी समाजाच्या नावातून.

पुढचे शब्दही त्याच वाटेने शिकायचे आहेत. हिब्रू शिकवणारी पुस्तकं आपल्याकडे मिळतात ती बहुतेक इंग्रजीतली. इंग्रजी वाचकाला जे अवघड जातं ते समजावण्यात त्यांची पानंच्या पानं जातात, आणि मराठी माणसाला जे आयतं येत असतं त्याचा त्यांत उल्लेखही नसतो. माझं ठाम मत आहे की आपण मराठीतूनच हिब्रूकडे जावं. ही वाट एकोणिसाव्या शतकात मराठी माणसांनी स्वतः बांधली आहे, आणि ती जवळची आहे.

आधी त्या माणसांकडे काय शिल्लक होतं ते पाहू. समाजाची परंपरा सांगते की त्यांचे पूर्वज नवगावजवळ जहाज फुटून किनाऱ्याला लागले. सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, ग्रंथ मात्र समुद्रात गेले. पुढे ही मंडळी घाण्यावर तेल गाळू लागली. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने त्यांना 'शनिवार तेली' म्हटलं. हिब्रूतून त्यांच्याजवळ मुख्यतः एक प्रार्थना उरली होती, 'शेमा इस्राएल' या शब्दांनी सुरू होणारी. 'शेमा' म्हणजे ऐक. सुंता असो, लग्न असो, की मृत्यू, प्रसंग कुठलाही असला तरी तीच म्हटली जाई. नावंही उरली होती, पण ती मराठी वळणाची झाली होती. शमुएलचा समाजी, यहेज्केलचा हसाजी, बिन्यामीनचा बनाजी, अब्राहामचा अबाजी. १७९६ मध्ये मुंबईत या समाजाचं पहिलं सिनेगॉग बांधलं ते समाजी हसाजी दिवेकरांनी. हे नाव ऐकून तो मराठा सरदार वाटावा. हिब्रूत ते शमुएल बेन यहेज्केल असं होतं.

सणांची नावं तर फारच मोलाची आहेत. हिब्रू महिने आणि सणांची हिब्रू नावं विसरली गेली होती, पण सण विसरले गेले नव्हते. नववर्षाला म्हणत नव्याचा सण. मग खिरीचा सण. उपासाच्या मोठ्या दिवसाला दार फळणीचा सण, आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी शिळा सण. फाल्गुनाच्या सुमारास होळीचा सण. त्यानंतर महिन्याने अनाशी धाकाचा सण. पावसाळ्यात बिरड्याचा रोजा, कारण तेव्हा वालाचं बिरडं खायचं. नववर्षाआधीच्या उपासांच्या महिन्याला म्हणत रमझान. आणि अलिबागजवळच्या खंडाळ्याला एलियाहू हन्नाबीचा उरूस. सण, खीर, होळी हे शब्द हिंदू शेजाऱ्यांचे; रोजा, रमझान, उरूस मुसलमान शेजाऱ्यांचे; आणि त्या साऱ्यांत हिब्रू शब्द एकच, 'हन्नाबी'. 'ह' किंवा 'हा' हा हिब्रूत 'तो ठरावीक' असं दाखवणारा उपसर्ग आणि नबी म्हणजे प्रेषित. एलियाहू हन्नाबी, म्हणजे तो प्रेषित एलियाहू.

या देशी नावांकडे कमी प्रतीची म्हणून पाहू नये. त्यांत हिब्रू शब्द हरवला आहे, अर्थ पुष्कळदा टिकला आहे. अनाशी धाकाचा सण घ्या. आंबट रसाचं भांडं, अनाशी, या सणात झाकून ठेवायचं म्हणून हे नाव. हिब्रूत या सणाला 'पेसाह' म्हणतात आणि त्या आठवड्यात 'हामेत्स', म्हणजे आंबवलेल्या पिठाचं काहीही, घरात चालत नाही. 'हामेत्स' ज्या धातूपासून आला त्याच धातूचं रोजच्या बोलण्यातलं विशेषण 'हामूत्स', आंबट. लिंबू हामूत्स, दही हामूत्स. मराठीतही पीठ आंबतं आणि चिंच आंबट असते. एकाच मुळातून दोन्ही. कोकणातल्या बाईला 'हामेत्स' हा शब्द माहीत नसेल, पण आंबट काय आणि ते का झाकायचं हे तिला माहीत होतं.

दार फळणीचंही तसंच. दारं लावून घ्यायची, पांढरे कपडे घालायचे, उपास करायचा, कुणात मिसळायचं नाही. हा दिवस म्हणजे 'योम किपूर'. 'योम' म्हणजे दिवस, 'किपूर' म्हणजे पापाचं निवारण. त्या दिवसाच्या शेवटच्या प्रार्थनेचं नाव 'नेइला', अर्थ आहे दारं बंद होणं. याच धातूचा 'मनूल' म्हणजे कुलूप आणि 'नाअल' म्हणजे जोडा, कारण तोही पाय आत घालून बंद करतात. देवाच्या दाराचा शब्द आणि पायातल्या वहाणेचा शब्द सख्खे भाऊ आहेत. हिब्रूचा हा स्वभाव पुढे पुन्हा पुन्हा दिसेल.

मग हिब्रू परत कशी आली? समाजाच्या आठवणीत दावीद राहाबी नावाचा एक परदेशी ज्यू आहे. त्याने या लोकांना खवल्याचे मासे खाताना आणि बिनखवल्याचे टाळताना पाहिलं, ते ज्यू आहेत हे ओळखलं आणि तिघांना हिब्रू शिकवून धर्मकृत्यांसाठी तयार केलं. त्यांना 'काझी' म्हणत. ही परंपरा आहे. लेखी नोंदींच्या उजेडात आपण एकोणिसाव्या शतकात येतो. १८२६ पासून कोचीनचे ज्यू शिक्षक मुंबई आणि कोकणात शिकवू लागले. १८२९ मध्ये जॉन विल्सन हे स्कॉटिश मिशनरी मुंबईला आले आणि १८३२ मध्ये त्यांनी बेने इस्राएलांसाठी हिब्रूचं व्याकरण चक्क मराठीत लिहिलं. विल्सनांचा हेतू धर्मप्रसाराचा होता. समाजाने व्याकरण घेतलं, धर्म आपलाच ठेवला, आणि मिशनऱ्यांच्या शाळांत शिकलेल्या अक्षरांनी स्वतःची प्रार्थना वाचू लागला. मला हा सगळा इतिहास त्या समाजाच्या खंबीरपणाचा वाटतो.

पुढची पिढी स्वतः लिहिती झाली. जोसेफ इझिकेल राजपुरकर (१८३४–१९०५) हे मुंबईत हिब्रूचे शिक्षक आणि मुंबई विद्यापीठाचे हिब्रूचे परीक्षक. त्यांनी प्रार्थनेची पुस्तकं एकामागून एक मराठीत आणली. हाईम शमुएल केहिमकरांनी १८७५ मध्ये मुंबईत समाजाची शाळा काढली, ती आज माझगावची सर एली कदूरी शाळा. त्यांनीच समाजाचा इतिहास लिहिला. तो १८९७ मध्ये पुरा झाला आणि त्यांच्या पश्चात १९३७ मध्ये तेल अवीवमध्ये छापला गेला. वर दिलेली सणांची नावं आपल्यापर्यंत पोचली ती मुख्यतः केहिमकरांमुळे. पेसाहच्या पहिल्या रात्री वाचायच्या 'हग्गादा' या पोथीची मराठी भाषांतरासह आवृत्ती मुंबईत १८४६ मध्ये निघाली, आणि १८७४ मध्ये पुण्यात सचित्र निघाली. पुण्याच्या आवृत्तीतल्या चित्रांत लुगडी नेसलेल्या बायका जमिनीवर बसून 'मत्सा', म्हणजे बिनआंबवणाची भाकरी, करताना दिसतात. 'हग्गादा' म्हणजे सांगणं, कथन. आपल्याकडे कहाणी वाचतात आणि घरातले सगळे बसून ऐकतात, तसाच तिचा वापर.

आता अक्षरांकडे. हिब्रूला २२ अक्षरं, उजवीकडून डावीकडे लिहिलेली, सगळी व्यंजनं. स्वर दाखवायला खाली-वर ठिपके असतात, पण ते लहान मुलांच्या पुस्तकांत, कवितेत आणि प्रार्थनेच्या पुस्तकांत. वर्तमानपत्रात नसतात आणि सिनेगॉगमधल्या तोराच्या, म्हणजे ज्यू धर्मग्रंथाच्या, गुंडाळीवरही नसतात. वाचणाऱ्याने संदर्भावरून स्वर भरायचे. आपले आजोबा-पणजोबा ऱ्हस्व-दीर्घाचा फरक न करणारी मोडी अशीच संदर्भाने वाचत होते.

उच्चारांत मराठी माणसाला मोठा फायदा आहे. 'त्सादी' या अक्षराचा उच्चार इंग्रजी पुस्तकं दोन अक्षरं जोडून कसाबसा समजावतात. 'चमचा' हा शब्द म्हणा. त्यातला च म्हणजेच त्सादी. 'जहाज' शब्दातला ज म्हणजे 'झायिन'. अडतं ते 'हेत' या अक्षराशी, कारण तो ह घशातून खरवडून काढायचा असतो. दोन-चार अक्षरांचे जुने आणि नवे उच्चार वेगळे आहेत हेही लक्षात ठेवावं. कोकणात 'हन्नाबी' म्हणतात, आजच्या इस्राएलमध्ये 'हानावी'. अलिबागच्या इस्राएल आळीतल्या १८४८ च्या सिनेगॉगचं नाव 'मागेन अबोथ', नव्या उच्चारात ते 'मागेन आवोत' होईल. ब आणि व, थ आणि त, एवढाच फरक. कोकणचा उच्चार जुनी परंपरा सांगणारा आहे, त्याला चुकीचं म्हणू नये.

व्याकरणातली एक गोष्ट मला फार आवडते. 'मी बोलतो' आणि 'मी बोलते' हा फरक इंग्रजी, फ्रेंच किंवा अरबी बोलणाऱ्याला वर्तमानकाळात ठाऊक नसतो. हिब्रूत तो नेमका आहे. पुरुष म्हणतो 'अनी मेदाबेर', बाई म्हणते 'अनी मेदाबेरेत'. समोरच्या पुरुषाला 'अता', स्त्रीला 'अत'. पुरुषाची खुशाली विचारायची तर 'मा श्लोम्खा', बाईची विचारायची तर 'मा श्लोमेख'. कसा आहेस, कशी आहेस. मराठी तोंडाला हे वळण शिकवावं लागत नाही. नपुंसकलिंग मात्र हिब्रूत नाही आणि 'तुम्ही', 'आपण' असा आदरही नाही. वडिलांनाही 'अता', पंतप्रधानांनाही 'अता'. आपल्या कानाला याची सवय व्हायला वेळ लागतो. सुरुवातीला काही छोटे शब्द फसवतात, ते एकदाच पाठ करून टाकावेत. 'अनी' म्हणजे मी. 'मी' म्हणजे कोण. 'मा' म्हणजे काय. 'हू' म्हणजे तो, 'ही' म्हणजे ती. 'केन' म्हणजे हो, 'लो' म्हणजे नाही. 'तोदा' म्हणजे आभार, 'बेवकाशा' म्हणजे कृपया, 'स्लिहा' म्हणजे माफ करा. 'बोकेर तोव' ही सकाळची शुभेच्छा, 'लायला तोव' रात्रीची. 'मायिम' पाणी, 'लेहेम' भाकरी, 'मेलाह' मीठ, 'दाग' मासा, 'बायित' घर.

हिब्रूचा खरा कणा म्हणजे तीन व्यंजनांचा धातू. हिब्रूत त्याला 'शोरेश' म्हणतात, म्हणजे मूळ, झाडाचंही आणि शब्दाचंही. क-त-ब हा धातू लिहिण्याचा. 'कातव' त्याने लिहिलं, 'मिख्ताव' पत्र, 'क्तोवेत' पत्ता, आणि 'कतुबा' लग्नात वाचला जाणारा करारनामा. हाच धातू अरबीत आहे, आणि अरबीतून फारसीच्या वाटेने तो मराठीत येऊन बसला आहे: किताब. हा पुस्तकाचा किताब; मुळशीच्या तालमीतला पैलवान महाराष्ट्र केसरीचा जो किताब मिळवतो तो मात्र 'खिताब' या दुसऱ्या अरबी शब्दातून आला आहे. हिब्रू आणि अरबी या एकाच सेमिटिक कुळातल्या भाषा, आणि मराठीने तीन-चारशे वर्षं दरबारातून, बाजारातून, दर्ग्यातून अरबी शब्द उचलले. म्हणून हिब्रूचे कितीतरी शब्द आपल्याला अर्धे ओळखीचे असतात. शालोम आणि सलाम. शलेम म्हणजे अखंड, आणि आपण म्हणतो सहीसलामत. बराखा आणि बरकत. एमुना आणि इमान. केवेर आणि कबर. यातोम आणि यतीम. कोर्बान आणि कुर्बानी. हाखाम म्हणजे शहाणा, आपला हकीम औषध देतो. मेलेख म्हणजे राजा, आपला मालक दुकानाचा. त्सेदाका म्हणजे दान, अरबीतला सदका; पण हिब्रूत त्याच्याच शेजारी 'त्सेदेक' म्हणजे न्याय उभा आहे, त्यामुळे दान ही तिथे मेहेरबानी न राहता देणं लागतं असा अर्थ येतो. हिब्रूत श असेल तिथे स आणि व असेल तिथे ब ऐकायची सवय लावली तर पहिल्या आठवड्यात बरीच मजल मारता येते.

सिनेगॉगच्या पाट्या हीही एक उत्तम शब्दशाळा आहे. पुण्यात कॅम्पातलं लाल देऊळ, डेव्हिड ससून यांनी सुरू केलेलं आणि १८६७ मध्ये पूर्ण झालेलं, त्याचं नाव 'ओहेल दावीद': ओहेल म्हणजे तंबू, दावीदचा तंबू. रास्ता पेठेतलं १९२१ चं 'सुकाथ शेलोमो': सुका म्हणजे मांडव, शेलोमो म्हणजे शलमोन राजा, आणि त्या नावात पुन्हा शालोमचंच मूळ. पनवेलचं 'बेथ एल', देवाचं घर. अलिबागचं 'मागेन अबोथ', पूर्वजांची ढाल. समाजी हसाजींच्या सिनेगॉगचं नाव 'शाआर हारहामिम', दयेचा दरवाजा. 'रहामिम' म्हणजे दया, आपला रहम. आणि 'रेहेम' म्हणजे गर्भाशय. दया या शब्दाचं मूळ आईच्या पोटात आहे. आत गेलात की 'हेखाल' म्हणजे तोरा ठेवायचं कपाट, 'तेवा' म्हणजे मधला चौथरा, 'हझ्झान' म्हणजे प्रार्थना म्हणणारा. कारभार पाहणारे मात्र मुकादम आणि चौगुला. ही दोन पदं हिब्रू नाहीत, आपल्या गावगाड्याचीच आहेत. किद्दुशच्या वेळी, म्हणजे विश्रांतीचा शनिवार, शब्बाथ, पवित्र म्हणून सुरू करताना, बेने इस्राएलांच्या घरी काळ्या मनुकांचं शरबत घेतात. 'कादोश' पवित्र, 'किद्दुश' पवित्र करणं, 'किद्दुशीन' लग्न.

आता रोजच्या आणि धर्माच्या शब्दांचा प्रश्न. हे दोन वेगळे कोश आहेत असं समजून शिकणारा लवकर थकतो. हिब्रूत ते एकच आहेत, आणि याला एक ऐतिहासिक कारण आहे. शेकडो वर्षं हिब्रू कुणाच्याही घरात मातृभाषा नव्हती. ती प्रार्थनेत, पत्रव्यवहारात, ग्रंथांत जगत होती. एलिएझेर बेन येहुदा (१८५८–१९२२) १८८१ मध्ये जेरुसलेमला आले आणि त्यांनी घरात फक्त हिब्रू बोलायचं ठरवलं. १८८२ मध्ये जन्मलेला त्यांचा मुलगा हा कित्येक शतकांनंतर हिब्रू मातृभाषा म्हणून बोलणारा पहिला मुलगा मानला जातो. स्वयंपाकघराचे, रस्त्याचे, दुकानाचे शब्द हवे झाले तेव्हा ते धर्मग्रंथांतून आणि जुन्या धातूंतून घडवावे लागले. सावरकरांनी 'महापौर' हा शब्द घडवला त्याच जिद्दीने, फक्त इथे अख्खी भाषाच घडवायची होती.

म्हणून पेसाहच्या रात्री क्रमाने पार पाडायच्या विधीला 'सेदेर' म्हणतात, क्रम. आणि रस्त्यावर कुणी काही विचारलं की उत्तर येतं 'बेसेदेर', क्रमाने, म्हणजे ठीक आहे. हा शब्द दिवसातून शंभरदा ऐकू येतो. प्रार्थनेचं पुस्तक 'सिद्दूर', तेही याच धातूचं. 'तेशुवा' म्हणजे वाईट वाट सोडून परत येणं, पश्चात्ताप. परीक्षेतल्या प्रश्नाचं उत्तरही तेशुवाच. 'अवोदा' म्हणजे मंदिरातली सेवा. आज कारखान्यातली नोकरी. 'हेश्बोन' हा आपला हिशोब. नववर्षाआधी माणूस 'हेश्बोन नेफेश', आत्म्याचा हिशोब करतो, आणि खाणावळीत वाढप्याला सांगतो, 'हेश्बोन, बेवकाशा'. 'हिन्नुख' शिक्षण आणि 'हनुक्का' नव्या वास्तूचं अर्पण, दोन्ही एकाच मुळाचे.

'हश्माल' या शब्दाची गोष्ट तर मुळशीकरांनी ऐकावी अशी आहे. यहेज्केल प्रेषिताला दृष्टान्त होतो तेव्हा ढग, आग आणि तिच्या मधोमध हश्मालसारखी झळाळी दिसते. हश्माल म्हणजे नेमकं काय, यावर भाष्यकारांनी खूप लिहिलं. अंबरासारखी पिवळी चमक असावी. एकोणिसाव्या शतकात येहुदा लेइब गोर्दोन या कवीने तो शब्द उचलला आणि विजेला दिला. आता घरात दिवे गेले की इस्राएलमधला माणूस म्हणतो, हश्माल नाही. भिऱ्याच्या वीजघरात मुळशीचं पाणी जे निर्माण करतं ते हिब्रूत हश्माल, आणि ज्या प्रेषिताच्या ग्रंथातून तो शब्द आला त्याचंच नाव कोकणात हसाजी झालं होतं.

एकच दिशा नाही. आपल्याकडून गेलेले शब्दही हिब्रूत आहेत. एस्तेरच्या ग्रंथाची सुरुवातच 'होदू'पासून, म्हणजे सिंधूच्या नावावरून आलेल्या हिंदुस्थानापासून होते, आणि त्याच ग्रंथात राजवाड्याच्या पडद्यांसाठी 'कर्पास' हा शब्द येतो. संस्कृत कार्पास, मराठी कापूस. शलमोन राजाच्या जहाजांनी आणलेल्या माकडांना 'कोफ' म्हटलं आहे, त्याचं नातं कपीशी जोडतात. मिरीला 'पिल्पेल', मूळ पिप्पली. सुंठीला 'झंगविल', मूळ शृंगवेर. तांदळाला 'ओरेझ' म्हणतात. तो शब्द ग्रीकमार्गे आला, पण अभ्यासक त्याचा माग पूर्वेकडे, व्रीहीच्या कुळाकडे काढतात. आंबेमोहर पिकवणाऱ्या मुळशीला तो आपला वाटायला हरकत नाही.

१९४८ नंतर बेने इस्राएलांतले बहुतेक लोक इस्राएलला गेले. अश्दोद, लोद, रामला, दिमोना, बेरशेबा इथे त्यांनी घरं केली. तिथल्या रब्बींनी त्यांच्या ज्यू असण्यावरच शंका घेतली, तेव्हा त्यांनी लढा दिला आणि १९६४ मध्ये सरकारकडून पूर्ण मान्यता मिळवली. मराठीही त्यांनी सोडली नाही. 'मायबोली' नावाचं मराठी नियतकालिक तिथून निघत आलं आहे. महाराष्ट्रात उरलेल्या ज्यूंना राज्य सरकारने २०१६ मध्ये अल्पसंख्याक दर्जा दिला.

दोन्हीकडे मलिदा मात्र होतो. नवस फिटला, लग्न ठरलं, नवं घर घेतलं, की एलियाहू हन्नाबीच्या नावाने ताट मांडतात. भिजवलेले पोहे, खवलेला नारळ, साखर, वेलची, सुका मेवा, वर गुलाबाच्या पाकळ्या आणि बाजूने फळं. फळ तोंडात घालण्याआधी 'बराखा' म्हणायची, आणि ती फळागणिक बदलते. 'पेरी' म्हणजे फळ, 'एत्स' म्हणजे झाड, 'अदामा' म्हणजे जमीन. याच 'अदामा'पासून 'आदाम', मातीचा माणूस, आणि पुढे आपला आदमी. खजूर, सफरचंद यांच्यासाठी 'पेरी हा-एत्स', झाडाचं फळ. जमिनीलगत येणाऱ्यासाठी 'पेरी हा-अदामा'. केळं कोणतं? ते उंचावर लटकतं, तरी त्याला 'पेरी हा-अदामा' म्हणतात. केळीला खरं लाकडी खोड नसतं, एकदा घड दिला की ती मरते आणि पुढची केळ कंदातून नव्याने फुटते, म्हणून शास्त्राने तिला झाडांत धरलं नाही. रेवदंड्याच्या किंवा चौलच्या वाडीत केळी लावणाऱ्या माणसाला हे पटवून द्यावं लागत नाही. तो घड उतरवला की खोड तोडतोच.